न विचारता की चोरून?

कचेरीच्या फाटकासमोर बसून लोकांचे अर्ज लिहायचे, पण बसायचं मात्र कचेरीकडे पाठ करून, असा अर्जनवीस मी दुसरा पाहिला नाही. अमरावतीच्या कचेरीबाहेर एका कडुनिंबाखाली आम्ही चौघे बोरू-दौत घेऊन बसत असू. तिघांची तोंडं फाटकाकडे, कारण गिऱ्हाईक तिकडूनच यायचं. चौथे तुकाराम मुन्शी. ते झाडाच्या बुंध्याकडे तोंड करून बसत. ज्याला त्यांच्याकडून लिहून घ्यायचं असेल त्याला वळसा घालून समोर जावं लागे. तरी लोक वळसा घालत.

मी दर्यापूरकडच्या एका गावच्या पांड्याचा, म्हणजे कुलकर्ण्याचा, धाकटा मुलगा. गावचं दप्तर थोरल्या भावाकडे गेलं आणि मी माझं अक्षर विकायला अमरावतीला आलो. तेव्हा मी सव्वीस वर्षांचा असेन. मुन्शीजी पन्नाशीच्या पुढचे. अंगानं बारीक, मान लांब, कान मोठे. जात माळ्याची. अचलपूरला त्यांच्या वडिलांचा फुलांचा मळा होता. तिथल्या एका मौलवींच्या घरी रोज फुलं पोचवायची आणि त्या बदल्यात तासभर फारसी शिकायची, असं करत ते मुन्शी झाले होते. मोडी नंतर आपोआप आली, असं ते सांगत. दुपारी भाकरीबरोबर कांदा फोडून खात, बोटांवरची शाई नखानं खरवडत आणि एखादा अवघड अर्ज लिहून दिला की ओवा चघळत बसत. अर्ज गेला की त्यांच्या पोटात दुखे. हे सोंग नव्हतं. मी त्यांना पोट दाबून बसलेलं कितीदा तरी पाहिलं आहे.

ते दिवसच पोटात दुखण्याचे होते. अमेरिकेत गोऱ्या लोकांची आपसात लढाई जुंपली होती. तिकडचा कापूस विलायतेला जायचा थांबला आणि आमच्या काळ्या मातीतल्या कापसाला कुणी स्वप्नातही पाहिला नसेल असा भाव आला. लोकांनी बैलांच्या शिंगांना चांदीच्या शेंब्या बसवल्या. ज्याच्याकडे वावर नाही तोही कापूस घेऊ-विकू लागला. एकट्याची ताकद नसली की दोघांनी सरकत करायची, म्हणजे भागीत धंदा करायचा. मामा-भाचे भागीदार झाले, न्हावी आणि सोनार झाले, देवळातला पुजारी आणि गाडीवान झाले. कागद कुणी केला नाही. अंबादेवीच्या पायरीवर सुपारी फोडली की झाली सरकत. आणि भाव जसा वर-खाली होऊ लागला तसे तेच भागीदार एकमेकांवर दात खात आमच्या झाडाखाली येऊ लागले.

येणाऱ्या प्रत्येकाला फौजदारीच हवी असे. त्याला कारण होतं. दिवाणी दाव्याला दाव्याच्या रकमेप्रमाणे मुद्रांक लागे, साक्षीदार लागत, महिनेच्या महिने जात. फौजदारी अर्ज स्वस्त होता आणि दुसऱ्या दिवशी भागीदाराच्या दारात शिपाई उभा राही. शिपाई दिसला की माणूस हिशेब न करताच कबूल होई. आम्हां तिघांना हे चांगलं माहीत होतं आणि आमची चूल त्यावरच पेटत होती.

मुन्शीजी मात्र आधी खोदून खोदून विचारत. माल त्याच्या हातात कसा गेला, तुम्ही दिला की त्यानं नेला? देतेवेळी त्याच्या मनात खोट होती असं कशावरून म्हणता? की धंदा बिघडल्यावर तुमचं मन बिघडलं? कागद कुणी खोटा केला का? एवढं झाल्यावर ते बहुधा म्हणत, भाऊ, हा दिवाणीचा मामला आहे. माणूस रागावून विचारी की साहेब तर एकच, खुर्ची एकच, मग दिवाणी काय अन् फौजदारी काय. आणि खरंच, तेव्हा एकच साहेब सकाळी फौजदारी चालवी आणि दुपारी दिवाणी. त्यावर मुन्शीजींचं उत्तर ठरलेलं होतं.

"खुर्ची एकच हाये बापा. सकाऊन तिच्यासमोर मानूस उभा राह्यते, दुपारी हिशेब उभा राह्यते. तुले कोनाले उभं करा लागते, ते सांग."

यावरून कुणाला वाटेल की ते भांडणाला भिणारे होते. तसं नव्हतं. एकदा परतवाड्याहून एक विधवा बाई आली. तिचा नवरा आणि दुसरा एक जण मेळघाटातल्या सागवानाचा धंदा भागीत करत. नवरा तापानं गेला. मग भागीदारानं एक कागद काढून दाखवला, की मयतानं आपला भाग सोडून दिला आहे. बाई गरीब स्वभावाची, तिला फक्त हिशेब मागायचा होता. दिवाणी अर्ज लिहा म्हणाली. मुन्शीजींनी त्या कागदाची नक्कल वाचली, नवरा कोणत्या तिथीला गेला ते विचारलं, आणि पुन्हा वाचली. सही मरणानंतर नऊ दिवसांनी झाली होती. ते म्हणाले, बाई, हे दिवाणी नाही. सरकत आहे म्हणून खोटी सही पवित्र होत नाही. आणि त्यांनी फौजदारी अर्ज लिहिला. त्या भागीदाराची माणसं दोन-तीन दिवस झाडाभोवती घिरट्या घालून गेली. मुन्शीजी घाबरले, आठवडाभर वेगळ्या रस्त्यानं घरी गेले, ओवा खाऊन खाऊन जीभ पोळून घेतली. पण अर्ज मागे घ्यायला बाईला सांगितलं नाही. तो माणूस शिक्षा होऊन तुरुंगात गेला तेव्हा मला वाटलं, मुन्शीजी खूश होतील. ते म्हणाले, बरोबर झालं, पण मला त्याचं तोंड दाखवू नका.

आता मला सांगायचं आहे ते भिकाजीचं. त्यात माझा हात होता म्हणून इतकी वर्षं मी ते कुणाला नीट सांगितलं नाही.

भिकाजी आणि संपत दोघे दर्यापूरकडच्याच एका गावचे कुणबी, लहानपणापासूनचे जोडीदार. तीन वर्षांपासून त्यांची निम्मी-निम्मी सरकत होती. भिकाजीनं गावोगाव फिरून कापूस घ्यायचा, संपतनं अमरावतीत वखार सांभाळायची आणि विकायचं. त्या वर्षी चैत्रात कुजबुज सुरू झाली की अमेरिकेतली लढाई मिटत आली. खरं-खोटं कुणालाच ठाऊक नव्हतं. मुंबईहून तार आली म्हणे, असं जो तो सांगे आणि तार कुणी पाहिलेली नसे. संपत म्हणत होता, विकून टाकू. भिकाजी म्हणत होता, अजून चढेल, थांब. असं असता एक दिवस भिकाजी गावाहून आला तर वखार रिकामी. संपत सगळा कापूस गाड्यांत भरून अकोल्याच्या बाजारी निघून गेला होता.

भिकाजी तसाच झाडाखाली आला आणि वळसा घालून मुन्शीजींसमोर बसला. अंगाला घाम, पागोटं सुटलेलं. संपतनं माझा कापूस चोरला, लिहा, म्हणाला. मुन्शीजींनी विचारलं, माल त्याच्या हवाली कुणी केला? म्याच, म्हणाला. सरकतीत त्याचा भाग किती? निम्मा.

"मंग भाऊ," मुन्शीजी म्हणाले, "निम्मा कापूस त्यानं सोताचाच चोरला का?"

आजूबाजूची माणसं हसली. मीही हसलो. भिकाजीचा चेहरा लालबुंद झाला. तो उठला, झाडाला वळसा घालून माझ्यासमोर येऊन बसला आणि म्हणाला, तुम्ही लिहिता का?

मी लिहिलं. काय झालं ते सांग म्हटल्यावर तो म्हणाला, "मले न इचारता घेऊन गेला." एवढंच त्याचं वाक्य. पण नुसत्या 'न विचारता'नं शिपाई हलत नाही हे मला ठाऊक होतं. मी लिहिलं, 'चोरून व ठकवून घेऊन गेला.' वाचून दाखवलं. सुटलेलं पागोटं गुंडाळत त्यानं मान डोलावली. मी वाळू टाकून शाई वाळवली आणि खाली माझी सही केली. अर्ज घेऊन तो त्याच दिवशी अकोल्याला गेला, कारण माल तिथे होता. मुन्शीजींनी सगळं ऐकलं होतं. त्या दिवशी त्यांनी स्वतः काही न लिहिताच ओवा खाल्ला.

आठ-दहा दिवसांनी एक बाई झाडाखाली आली. पस्तिशीची असेल. तोंड उन्हानं करपलेलं, पण आवाज शांत. संपतची बायको गंगाबाई. बरोबर तिचा भाऊ होता. तिनं सांगितलं की संपत अकोल्याला कोठडीत आहे. कापूस सरकारजमा होऊन कचेरीच्या आवारात पडला आहे. जाण्याआधी त्यानं भिकाजीकडे दोनदा माणूस पाठवला होता, पण भिकाजी कापूस घेत गावोगाव फिरत होता, माणसाला भेटलाच नाही. आणि एक गोष्ट तिनं अशी सांगितली की मुन्शीजींचा शाई खरवडणारा हात थांबला. एकेका बोजावरच्या तागाच्या गोणपाटावर काळ्या शाईनं दोघांचंही नाव घातलं होतं, आधी भिकाजीचं, मग संपतचं. ती म्हणाली, मी स्वतः उभी राहून घालून घेतलं.

मुन्शीजी माझ्याकडे वळले. मला वाटलं, आता सगळ्यांसमोर फजिती होणार. ते हळूच म्हणाले, "वामनराव, भिकाजी काय बोलला होता? त्याचा शब्द सांगा. तुमचा नोको."

मी सांगितला. त्यांनी बोरू पुसून ठेवला. मग म्हणाले की उद्या पहाटे आपण अकोल्याला निघू. 'आपण' म्हणाले. येता का, असं विचारलंच नाही.

गंगाबाईच्या भावाच्या छकड्यात आम्ही निघालो. वैशाखाचं ऊन. दोन दिवसांचा रस्ता, आणि त्या रस्त्यावर समोरून येणारी प्रत्येक गाडी आम्हाला काहीतरी वाईट सांगत होती. अकोल्याहून कापूस न विकताच परत आणणारे लोक भेटत. भाव विचारला की कुणी आकडा सांगत नसे, हात फक्त खाली दाखवत. गंगाबाई प्रत्येकाला विचारायची. मी तर विचारतही नव्हतो. पडलेला भाव, कोठडीतला माणूस, माझी सही, या तीनच गोष्टी डोक्यात फिरत होत्या. अकोल्याकडून रेल्वेच्या भरावासाठी माती टाकणारी माणसं दिसली तेव्हाही मला वाटलं, हे सगळे आपल्याकडेच पाहत आहेत.

मूर्तिजापूरच्या अलीकडे एका चिंचेखाली दुपारी बैल सोडले. गंगाबाई आणि तिचा भाऊ पाणी आणायला विहिरीकडे गेले. तेव्हा मुन्शीजींनी, मी काही न विचारता, आपल्या भावाचं सांगितलं. अचलपूरचा मळा वडिलांमागे दोघा भावांचा झाला. थोरला मळा पाहायचा, हे लिहिण्याचं काम करायचे, उत्पन्न निम्मं-निम्मं. एका वर्षी थोरल्यानं न विचारता पानवेलींचा एक वाफा दुसऱ्याला विकला. हे तेव्हा तरुण, फारसीचा ताठा. त्यांनी कोतवालाकडे अर्ज लिहिला, आणि चांगला लिहिला. भाषा इतकी सुरेख होती की कोतवालानं वाचताना दोनदा वाहवा केली, असं त्यांना नंतर कळलं. भावाला बेडी घालून रस्त्यानं नेलं. तीन आठवड्यांनी कोठडीतच पटकीनं तो गेला. वाफा विकला होता तो मुन्शीजींच्याच मुलीच्या लग्नाच्या तयारीसाठी.

"माह्या हातचा कागद होता," ते म्हणाले. "त्यात एकबी गोष्ट खोटी नोती. नुसते शब्द मोठे होते."

फाटकाकडे पाठ करून बसण्याचं कारण मला त्या चिंचेखाली कळलं. बेड्या घातलेली माणसं त्याच फाटकातून आत-बाहेर नेत असत.

अकोल्याच्या कचेरीच्या आवारात कापसाचे बोजे उघड्यावर रचले होते. काही फुटले होते. गरम वारा सुटला की कापूस उडून भिंतींना, माणसांच्या भुवयांना चिकटत होता. एक शिपाई कुणालाही चिलीम ओढू देत नव्हता, कारण एक ठिणगी पडली असती तर काहीच उरलं नसतं. त्या बोजांच्या सावलीत भिकाजी बसला होता. चार दिवस तो तिथंच होता, जेवणखाण सोडल्यासारखं. कचेरीच्या मुख्य कारकुनानं, शिरस्तेदारानं, त्याला सांगितलं होतं की खटला संपेपर्यंत माल हलणार नाही, आणि तक्रार खोटी ठरली तर तूच आत जाशील. रोज बाजारातून कुणी ना कुणी येऊन त्याला भाव किती उतरला ते सांगून जाई. गंगाबाईला पाहून तो उठून उभा राहिला.

मुन्शीजी त्याच्यासमोर जमिनीवर बसले आणि आधी त्याची माफी मागितली. लोकांना तुमच्यावर हसवायला नको होतं, म्हणाले. मी थट्टा केली नसती तर तुम्ही उठून गेला नसता. मला हे अजिबात अपेक्षित नव्हतं. इतक्या दिवसांत मी स्वतःलाही दोष दिला होता, भिकाजीलाही दिला होता, त्या थट्टेला मात्र नाही. भिकाजीचे डोळे भरले.

मग मुन्शीजींनी विचारलं की संपतनं चोरी केली असं तुम्हाला खरंच वाटतं का. भिकाजीनं बोजांकडे पाहिलं. तागावर आधी त्याचंच नाव होतं.

"चोरी नाई," तो म्हणाला. "मले इचारलं नाई, याचाच राग आला. तीन वर्सांत एकबी गोष्ट आमी एकमेकाले न इचारता केली नोती."

"मंग तेच लिहू," मुन्शीजी म्हणाले.

तिथंच त्यांनी मांडीवर पाटी घेऊन नवा अर्ज लिहिला. आम्ही दोघे निम्म्या भागाचे भागीदार, माल मी स्वतः त्याच्या हवाली केला, त्यानं मला न विचारता बाजारी नेला, माझा हिशेब आणि माझा भाग मिळावा, चोरीचं माझं म्हणणं नाही. एकही मोठा शब्द नव्हता. पण त्यांनी तो वाळवला नाही, तसाच हातात धरून माझ्याकडे आले. साहेब विचारणार, म्हणाले, की पहिल्या अर्जात चोरी आणि दुसऱ्यात नाही, हे कसं? भिकाजी म्हणेल, तो शब्द अर्जनवीसाचा. तुम्ही इथं नसाल तर साहेब त्याचं कशावरून ऐकेल? तुम्ही आज अमरावतीला परत निघालात तर मी थांबवणार नाही. एवढं सांगून ते ओवा शोधायला थैलीत हात घालू लागले.

मी निघालो नाही, हे धैर्य म्हणून सांगत नाही. पळालो असतो तरी सही माझीच होती. पण खरं कारण ते नव्हतं. गंगाबाई आमच्यासाठी भाकरी बांधत होती, आणि मला कुठल्या शब्दासाठी इथे आणलं आहे हे तिला अजून कुणी सांगितलं नव्हतं. ते तिला मीच सांगितलं. तिनं भाकरी बांधणं थांबवलं नाही. "उद्या तिथं सांगा," एवढंच म्हणाली.

सकाळी फौजदारीच्या वेळी आम्हाला बोलावलं. मुन्शीजींना आत बोलण्याचा अधिकार नव्हता, तरी ते दारापर्यंत आले आणि माझ्या शेजारी तोंड आत करून उभे राहिले. संपतला दोन शिपायांनी आणलं. दाढी वाढलेली, डोळे आत गेलेले. मुन्शीजींनी तोंड फिरवलं नाही. साहेबानं दोन्ही अर्ज शिरस्तेदाराकडून वाचून घेतले आणि अपेक्षेप्रमाणे तोच प्रश्न विचारला. भिकाजी अडखळला. मी पुढे होऊन सांगितलं की त्यानं 'न विचारता' म्हटलं होतं, 'चोरून' मी लिहिलं. का लिहिलं, असं साहेबाच्या वतीनं शिरस्तेदारानं विचारलं. मी सांगितलं, शिपाई लवकर जावा म्हणून.

साहेब रागावला, पण आरडाओरडा केला नाही. तो बोजांवरच्या नावांबद्दल विचारत राहिला. माल कोणत्या रस्त्यानं आणला, दिवसा की रात्री, कुणाला खोटं नाव सांगितलं का, विकून पैसा कुठे ठेवणार होता. संपतनं हळू आवाजात उत्तरं दिली. शेवटी साहेबानं जे म्हटलं ते शिरस्तेदारानं आम्हाला समजावलं. मालकानं स्वखुशीनं दिलेला माल, दोघांचं नाव उघड, रस्ता उघड, खोटा कागद नाही, घेताना फसवण्याचा इरादा दिसत नाही. भागीदारानं भागीदाराला न विचारता विकायला नेला, हे चूक की बरोबर, तो हक्काचा आणि हिशेबाचा प्रश्न आहे. हे सकाळचं काम नाही, दुपारचं आहे.

संपत सुटला. भिकाजीला ताकीद मिळाली. मला एक वर्ष कुठल्याही कचेरीबाहेर अर्ज लिहायची मनाई झाली. दोघांच्या सहीनं कापूस मोकळा केला.

पण तोवर संपतला धरून अकरा दिवस झाले होते. लढाई मिटल्याची बातमी पक्की झाली होती. तो कापूस ज्या भावानं गेला तो सांगण्यासारखा नाही. संपतनं नेला त्या दिवशी विकला असता तर दोघांची घरं उभी राहिली असती. आता दोघेही बुडाले, आणि बाजारात त्यांच्यासारखे कितीतरी बुडाले. पुढे दिवाणीत पंच नेमून त्यांची सरकत तोडली, ज्याचा त्याचा भाग ठरला. निवाडा दोघांनी मुकाट्यानं मानला.

त्या सकाळी आवारात झालं ते मात्र कुठल्याच निवाड्यात आलं नाही. संपत बाहेर आला तसा भिकाजी त्याच्याकडे गेला आणि हात पुढे केला. संपतनं हाताकडे पाहिलं, आणि तो बैलांच्या खुरांना जखमा झाल्या का ते पाहायला गाड्यांकडे निघून गेला. गंगाबाई थांबली.

"भाऊजी," ती म्हणाली, "कापसाचा निवाडा दुपारी होईन. ह्या अकरा दिवसाचा कोन करन?"

परतीच्या रस्त्यावर बडनेऱ्याला बैल सोडले. तेव्हा मुन्शीजी म्हणाले की त्या बाईचा प्रश्न दिवाणीतही बसत नाही आणि फौजदारीतही बसत नाही, आणि आपल्या झाडाखाली जे येतात त्यांचा खरा प्रश्न बहुतेक तोच असतो. मला त्यात दिलासा वाटला नाही. त्यांनाही वाटला नसावा.

त्या मनाईच्या वर्षात त्यांनी मला आपल्याजवळ बसवलं. त्यांची नजर मंदावू लागली होती. ते मजकूर सांगत, मी नुसतं कच्चं लिहून घेई, मग पक्का कागद ते स्वतः करत. मी लिहिलेलं त्यांना तीनदा वाचून दाखवावं लागे. दुसऱ्या वेळी ते गिऱ्हाइकाला विचारत, हाच शब्द का बापा? माणसं कंटाळत. काही उठून दुसऱ्याकडे जात. गेलेल्या माणसाकडे ते काळजीनं पाहत राहत, जणू तो नदीच्या पाण्यात उतरला आहे.

वर्ष संपल्यावरही मी त्यांच्याजवळच बसलो. आणखी तीनेक वर्षं गेली. मग माझा थोरला भाऊ वारला आणि गावचं दप्तर माझ्याकडे आलं. निघण्याच्या आदल्या दिवशी मी नमस्काराला गेलो तेव्हा त्यांच्यासमोर दोघे जण बसले होते, एकमेकांचे साडू. कापूस पुन्हा थोडा चालू लागला होता. त्यांना भागीत दोन गाड्या आणि एक वखार घ्यायची होती, आणि आता लोक शहाणे झाल्यामुळे आधी कागद करायला आले होते. मुन्शीजींनी बोरू उचलला आणि म्हणाले, तुटायचं कसं, ते पहिल्यांदा लिहू. भाग किती, माल कोण विकणार, न विचारता विकला तर काय करायचं, एक मेला तर काय. थोरला साडू तडकला. सुरुवातीलाच अपशकुन करता का, म्हणाला, आणि धाकट्याचा हात धरून उठला. दोघे बाजाराकडे चालू लागले.

मुन्शीजी बसून राहिले. मग त्यांनी दौत झाकली, पाटी आणि कागद काखेत घेतले, चपला न घालता उठले आणि त्यांच्यामागे निघाले. मी हाक मारली, ते थांबले नाहीत. त्यांना दूरचं नीट दिसत नव्हतं. गाड्यांच्या गर्दीत ते एका भलत्याच माणसाच्या खांद्यावर हात ठेवून वळले, माफी मागितली, पुढे गेले. शेवटी त्यांनी त्या दोघांना गाठलं. काय बोलले ते मला ऐकू आलं नाही. थोरला मान हलवत होता. धाकटा मात्र रस्त्याच्या कडेला, एका गाडीच्या चाकाला टेकून, खाली बसला. मुन्शीजी त्याच्यासमोर उन्हातच मांडी घालून बसले, पाटी गुडघ्यावर घेतली आणि मान अगदी कागदापर्यंत वाकवून लिहू लागले. जरा वेळानं थोरलाही त्यांच्या डोक्यावर सावली पडेल असा येऊन उभा राहिला.